सावित्रीबाईंच्या नंतर थेट आजच? मधली साठ-सत्तर वर्षं कुठं गेली?

मा. संपादक साहेब,
स.न.वि.वि.

3 जानेवारीची, सावित्रीबाईंच्या जयंतीची तुमची पुरवणी सगळी वाचली, जाहिरातींसकट. चांगली होती, फोटो पण छान होते, पण एक गोष्ट दरवर्षी खटकते ती यंदा लिहूनच टाकावी म्हणलं. पहिल्या पानावर सावित्रीबाई, 1848, भिडेवाडा, शेणाचे गोळे, बरोबर नेलेलं जादाचं लुगडं. पान उलटलं की थेट आजच्या कलेक्टर, पायलट, डॉक्टर बायका, आणि मधे काहीच नाही. म्हणजे वाचणाऱ्याला असं वाटतं की सावित्रीबाईंनी शेण झेललं, लोक दमले, गप्प बसले आणि मग पोरी आपोआप शिकत गेल्या. असं झालेलं नाही ओ. शेण मारणारे कमी झाले पण विरोध कमी झाला नाही, त्यानं फक्त बोलायची पद्धत बदलली. आधी म्हणायचे पोरींना शिकवू नका, नंतर म्हणायला लागले शिकवा की, आम्ही कुठं नाही म्हणतो, पण बेताने. आणि हे दुसरं बोलणं पहिल्यापेक्षा जास्त टिकलं कारण ते ऐकायला समजूतदार वाटतं, त्याच्यावर कोणी चिडत नाही.

माझं लोणंदला झेरॉक्स आणि ऑनलाइन फॉर्म भरून द्यायचं दुकान आहे. सावित्रीबाईंचं नायगाव आमच्याच खंडाळा तालुक्यातलं, त्यामुळे 3 जानेवारी म्हणजे आमच्याकडं गाड्या, बॅनर, मंत्र्यांचे ताफे, पोरींची भाषणं सगळं असतं आणि भाषणं छापायला, पाठ करायला पोरी माझ्याच दुकानात येतात. सगळ्या भाषणात तीच पाच वाक्यं. पोरींचा दोष नाही, त्यांना मिळतंच तेवढं. मला वाचायची सवय आहे, दुपारी गिऱ्हाईक नसतं तेव्हा वाचत बसते, त्यामुळे मधल्या वर्षांबद्दल थोडं लिहिते, तुमच्याकडं जागा असेल तेवढं छापा.

फुल्यांच्या शाळेपासून घेते, कारण तिच्याबद्दल पण आपण अर्धंच सांगतो. भिडेवाड्यातल्या 1848 च्या शाळेवर ते थांबले नाहीत. 3 जुलै 1851 ला बुधवार पेठेत अण्णासाहेब चिपळूणकरांच्या वाड्यात, मग सप्टेंबरमध्ये रास्ता पेठेत, मग मार्च 1852 ला वेताळ पेठेत अशा शाळा निघाल्या. आणि नोव्हेंबर 1852 मध्ये विश्रामबागवाड्यात सरकारनं जोतीरावांचा शालजोडी देऊन सत्कार केला. ज्या गावात शेण मारलं त्याच गावात चार वर्षांत सत्कार, हे मुलांना सांगायला नको का? ते शेणावरच अडकून बसलेत सगळे.

पण त्या शाळांची खरी कमाई म्हणजे मुक्ता साळवे. वय 14, मातंग समाजातली, फुल्यांच्या शाळेत शिकणारी. 1855 साली फेब्रुवारी आणि मार्चच्या 'ज्ञानोदय'च्या अंकात तिचा मांग-महारांच्या दुःखाविषयीचा निबंध दोन भागात छापून आला. निबंध म्हणल्यावर आपल्या डोळ्यापुढं 'माझी आई', 'पावसाळा' येतं. ही पोरगी विचारते की वेद जर फक्त ब्राह्मणांची मत्ता असेल आणि आम्हाला ते बघायचाही अधिकार नसेल तर मग आम्हाला धर्मपुस्तकच नाही, मग आम्ही धर्मरहित झालो की नाही? आमच्या बायका बाळंत होतात तेव्हा डोक्यावर छप्पर नसतं, थंडीवाऱ्यात काय होत असेल याचा विचार करा म्हणते. आणि शेवटी आपल्याच लोकांना सांगते की ज्ञानाचं औषध घ्या. चौदा वर्षांची! आज चौदा वर्षांच्या पोरीनं असं लिहिलं तर शाळेतून पालकांना बोलावणं येईल. हा निबंध कुणी बेताने शिकवून लिहून घेतलेला नाही. तिला वाचायला येतं तेवढंच शिकवलं नव्हतं, विचारायला पण शिकवलं होतं, आणि मला वाटतं लोकांना खरी भीती इथंच बसली. सही करण्यापुरतं, पोथी वाचण्यापुरतं, नवऱ्याला पत्र लिहिण्यापुरतं पोरगी शिकली तर कुणाचं काय जातंय. पण ती विचारायला लागली की अवघड होतं.

आता 1882 ला या. सरकारनं शिक्षणाची चौकशी करायला हंटर कमिशन नेमलेलं, त्याच्यापुढं फुल्यांनी निवेदन दिलं हे अभ्यासक्रमात आहे, पण त्याच कमिशनपुढं पंडिता रमाबाईंनी पुण्यात मराठीतून साक्ष दिली हे किती जणांना माहिती आहे? आणि काय साक्ष! त्या म्हणाल्या शंभरातले नव्व्याण्णव शिकलेले पुरुष बायकांच्या शिक्षणाच्या विरोधात आहेत, बाईची बारीकशी चूक दिसली की राईचा पर्वत करतात आणि तिची अब्रू घालवायला बघतात. लक्षात घ्या, त्या अडाणी पुरुष म्हणत नाहीत, शिकलेले म्हणतात. बायकांसाठी बायकाच डॉक्टर आणि बायकाच मास्तरीण तयार करा अशी त्यांची मागणी होती, म्हणजे शिक्षण घेऊन पुढं काय याचं उत्तर त्यांच्याकडं तयार होतं. आणि मग कमिशननं शिफारस काय केली, तर मुलींच्या प्राथमिक शाळांचा अभ्यास मुलांपेक्षा सोपा ठेवा, घरकामाच्या गरजा बघून ठरवा. झालं. सरकारी शिक्का बसला बेतावर.

दोन वर्षांनी 1884 ला पुण्यात मुलींचं हायस्कूल निघालं, आज ज्याला सगळे हुजूरपागा म्हणतात ते. वामनराव मोडक, न्यायमूर्ती रानडे, रा. गो. भांडारकर अशी मंडळी मागं होती. पेशव्यांच्या घोड्यांची पागा होती तिथं, म्हणून ते नाव. (पुण्याच्या लोकांना हे माहिती असणार, आमच्या सातारा साईडला शाळेच्या नावातलं एचएचसीपी म्हणलं की लोक विचारतात हे काय, तर ते हिज हायनेस चिंतामणराव पटवर्धन, सांगलीचे.) आता इथं बघा, कुणी म्हणलं का की शाळा बंद करा? नाही. भांडण झालं ते शाळा किती वाजता सुटते याच्यावर! शाळेची वेळ 11 ते 5 होती, इंग्रजी, गणित, शास्त्र असे विषय होते. 1887 साली 'मराठा' पत्रात, म्हणजे टिळकांच्या गटाचं इंग्रजी पत्र, त्याच्यात या अभ्यासक्रमावर टीका झाली की एवढा वेळ पोरी शाळेत अडकल्या तर घरचं काम कधी शिकणार, तीन तास पुरेत, सकाळी नाहीतर दुपारी, आणि इंग्रजी, शास्त्र वगैरेपेक्षा मराठी, शिवणकाम, धर्म, पुराणं असलं शिकवा. माझ्या दृष्टीनं सगळा स्त्रीशिक्षणाचा इतिहास या तीन तासात बसलेला आहे. सहा तास नको, तीन तास. शाळा हवी, पण ती चुलीच्या वेळापत्रकात बसली पाहिजे.

टिळकांना शिव्या घालायला हे पत्र लिहीत नाहीये, त्यांचं बाकीचं काम सगळ्यांना माहिती आहे, आणि मला माहितीय हे छापलं की कुणीतरी रागाचं पत्र पाठवणारच. पण त्यांच्याच जुन्या मित्राचं, आगरकरांचं म्हणणं पण मग सांगायला पाहिजे. 'केसरी' सोडून त्यांनी 1888 ला 'सुधारक' काढला आणि त्यात चक्क लेख लिहिला, मथळाच असा की स्त्रीपुरुषांना एकच शिक्षण द्यावे व तेही एकत्र द्यावे. मथळ्यातच सगळं सांगून टाकलं, आत वाचायची गरज नाही इतकं सरळ. तेव्हा हे लिहिणं म्हणजे काय असेल याचा विचार करा! आमच्या इथं अजून मुलामुलींना वर्गात वेगवेगळ्या रांगेत बसवतात.

आणि फक्त पुरुषच विरोधात होते असं नाही, हे पण लिहिलं पाहिजे नाहीतर खोटं होईल. रमाबाई रानड्यांनी आपल्या आठवणी लिहिल्यात. लग्न झालं तेव्हा त्या 11 वर्षांच्या, नवरा न्यायाधीश, तोच शिकवायचा. आणि दिवसा घरातल्या मोठ्या बायका टोचायच्या. त्यांनी रमाबाईंना काय सल्ला दिला तो वाचण्यासारखा आहे, म्हणे पुरुषांनी सांगितलं तरी आपण कानाआड करावं, नाही म्हणायचं नाही, पण करायचं पण नाही, कंटाळून आपोआप सोडून देतात ते. किती हुशार सल्ला आहे बघा! उघड नकार नाही, भांडण नाही. ह्या बायका वाईट नव्हत्या, त्यांना आयुष्यभर तेच करावं लागलं होतं. पण रमाबाईंनी ऐकलं नाही, गव्हर्नरपुढं मुलींच्या हायस्कुलासाठी इंग्रजीतून निवेदन वाचलं, आणि घरी आल्यावर परत टोमणे. आज आपण रानड्यांचं नाव घेतो पण त्या घरात दिवसभर राहायचं होतं रमाबाईंना, रानडे कोर्टात.

मग कॉर्नेलिया सोराबजी. नाशिकचा जन्म, पुण्यात डेक्कन कॉलेजात शिकली, पहिल्या वर्गात पास झाली. त्या नंबरावर विलायतेला शिकायला जायची सरकारी स्कॉलरशिप मिळायची, तिला दिली नाही कारण ती बाई. पोराला दिली असती. मग इंग्लंडमधल्या लोकांनी वर्गणी जमवली त्याच्यावर ती ऑक्सफर्डला गेली आणि 1892 ला कायद्याची परीक्षा दिली. परीक्षेला बसू दिलं, पण डिग्री नाही दिली, कारण तेव्हा ऑक्सफर्ड बायकांना डिग्री देतच नव्हतं, ते 1920 पासून सुरू झालं. म्हणजे साहेबाच्या देशात पण बेतच.

आता तुम्हाला पेपरवाल्यांना आवडेल असं सांगते. रखमाबाई. 1885 साली 'टाइम्स ऑफ इंडिया'त 'एक हिंदू स्त्री' अशा सहीनं पत्रं आली, संपादकांना लिहिलेली, जसं मी आत्ता लिहितेय तसं. त्यात ती म्हणते की बालविवाहाच्या चालीनं माझं सुख तर घालवलंच पण मला सगळ्यात प्रिय असलेली गोष्ट, अभ्यास, तो माझ्यापासून तोडला. अकराव्या वर्षी लग्न, शाळा सुटली, मग घरीच वाचत राहिली, नवऱ्याकडं नांदायला गेली नाही. नवरा कोर्टात गेला. मार्च 1887 ला कोर्टानं सांगितलं की नवऱ्याकडं जा नाहीतर सहा महिने तुरुंगात जा, आणि ही म्हणाली तुरुंगात जाते. 'केसरी'नं लिहिलं की हा सगळा इंग्रजी शिक्षणाचा परिणाम, धर्म धोक्यात आलाय. तेच 1887 साल बघा ज्या साली हुजूरपागेच्या वेळेवर आणि इंग्रजीवर टीका झाली. हे दोन्ही जोडून बघितलं की कळतं की वेळापत्रकाचं भांडण घड्याळाचं नव्हतंच. एक मुलगी जास्त शिकली आणि तिनं नाही म्हणलं, म्हणून बाकीच्यांचे तास कमी करा. शेवटी दोन हजार रुपये देऊन ते प्रकरण मिटवलं, रखमाबाई लंडनला जाऊन डॉक्टर झाल्या आणि परत येऊन सुरतेला वर्षानुवर्षं दवाखान्यात काम केलं.

महर्षी कर्व्यांबद्दल थोडं सावधपणे लिहिते कारण त्यांच्याबद्दल मला मनापासून आदर आहे. हिंगण्याची झोपडी, विधवांचा आश्रम, 1907 चं महिला विद्यालय, 1916 चं महिला विद्यापीठ, मग 1920 ला मुंबईच्या उद्योगपती ठाकरसींची 15 लाखांची देणगी, हे सगळं एका मास्तरानं दारोदार फिरून उभं केलं. पार्वतीबाई आठवले, त्यांची मेव्हणी, स्वतः विधवा, मोठेपणी शिकलेली बाई, संस्थेसाठी पैसे गोळा करायला अमेरिकेपर्यंत गेली, तिथं लोकांच्या घरी काम केलं इंग्रजी शिकायला. तिच्यावर कधी पुरवणी काढा ना. पण कर्व्यांचं विद्यापीठ जपानच्या महिला विद्यापीठावरून सुचलेलं, त्यात मातृभाषेतून शिक्षण आणि बायकांना सोयीचे, घरसंसाराला धरून विषय असा विचार होता. म्हणजे आगरकर म्हणत होते एकच शिक्षण द्या, एकत्र द्या, आणि कर्वे म्हणत होते वेगळं द्या पण खूप द्या, जास्तीत जास्त बायकांना द्या. दोघंही सुधारकच. कोण बरोबर हे मला सांगता येत नाही, मी कर्व्यांच्या बाजूला जास्त झुकते कारण एकत्रच्या नावाखाली ज्या पोरी घरीच बसल्या असत्या त्या त्यांच्यामुळं बाहेर पडल्या. पण हा वाद होता हे तरी सांगा लोकांना! एवढा चांगला वाद आणि आपण त्याचं 'थोर समाजसुधारक' असं एक लेबल लावून टाकलं.

हे सगळं मी का लिहितेय, तर मे-जूनला माझ्या दुकानात या आणि एक दिवस बाकड्यावर बसा. अकरावीच्या ऑनलाइन फॉर्मला दहा कॉलेजांचा पसंतीक्रम देता येतो. पोरगी घरून कागदावर लिहून आणते, पहिलं पुणे, दुसरं पुणे, तिसरं सातारा, चौथं फलटण. सोबत वडील नाहीतर भाऊ. मी टाइप करायला लागले की वडील म्हणतात, ताई, ते पुण्याचं काढा. का ओ? नाही, लांब पडतं, होस्टेल परवडत नाही. बरं, सातारा? एसटीनं रोज जमायचं नाही, अंधार होतो यायला. मग शेवटी गावातलंच एक राहतं, आर्ट्स, कारण सायन्सला क्लास लावावा लागतो. पोरगी स्क्रीनकडं बघत असते, काही बोलत नाही. आणि तोच बाप मोठ्या पोराच्या वेळी दहाच्या दहा भरून गेलेला असतो, कर्ज काढू म्हणून. हा बाप वाईट आहे का? अजिबात नाही. तो 3 जानेवारीला नायगावला जातो, सावित्रीबाईंचं स्टेटस ठेवतो, पोरगी शिकली पाहिजे असं त्याला खरंच वाटतं. पण बेताने. त्याला जर विचारलं की तुमचा मुलींच्या शिक्षणाला विरोध आहे का तर तो चिडेल, आणि त्याचं चिडणं खरं असेल.

त्याच्या अडचणी पण खोट्या नाहीत. अंधार खरा आहे, सहानंतरची गाडी चुकली तर पुढची कधी येईल सांगता येत नाही. आणि सोयी नाहीत असं नाही, पण त्या माहिती नसतात. बारावीपर्यंत ग्रामीण भागातल्या मुलींना एसटीचा पास फुकट आहे, बायकांना सगळ्यांनाच अर्धं तिकीट आहे. 2024 पासून आठ लाखाच्या आत उत्पन्न असलेल्या घरातल्या ओबीसी, ईडब्ल्यूएस, एसईबीसी मुलींना कॅपमधून, म्हणजे सरकारी केंद्रीय प्रवेशातून, व्यावसायिक कोर्सला ॲडमिशन घेतलं तर शिक्षण फी, परीक्षा फी माफ आहे. पण गेल्या वर्षी एका पोरीच्या कॉलेजनं (नाव लिहीत नाही) आधी सगळी फी भरा, सरकारचे पैसे आल्यावर बघू असं सांगितलं आणि बाप तिथूनच मागं फिरला. त्याला निमित्तच पाहिजे होतं की खरंच पैसे नव्हते हे मला कळलं नाही, दोन्ही असेल.

काही लोक म्हणतील हे फुल्यांच्या काळाशी कशाला जोडता, आता किती बदललंय. बदललंय की. मी स्वतः दुकान चालवते, ते बदललं म्हणूनच. पण 1887 ला जे तीन तास म्हणून सांगितलं गेलं तेच आता पंधरा किलोमीटरच्या आत म्हणून सांगितलं जातंय, आणि शेण मारणाऱ्याला ओळखणं सोपं असतं, पुण्याचं काढा म्हणणाऱ्याला ओळखता येत नाही कारण तो आपल्याच घरातला असतो, शिवाय काळजीनं बोलत असतो.

म्हणून संपादक साहेब दोन विनंत्या. एक म्हणजे मुक्ता साळवेचा निबंध एकदा पूर्ण छापा, तुकडे नको, जुनी भाषा आहे तशीच ठेवा, पोरी वाचतील, त्यांना कळतं. दुसरी म्हणजे मधल्या वर्षांवरची एक पुरवणी काढा, हुजूरपागेची वेळ, पंडिता रमाबाईंची साक्ष, रखमाबाईंची पत्रं, कॉर्नेलियाची स्कॉलरशिप, सगळं, पण ती जानेवारीत काढू नका. जानेवारीत हार घालायचे असतात, कोणी फॉर्म भरत नाही. ती जूनच्या पहिल्या आठवड्यात काढा, दहावीचा निकाल लागल्यावर, आणि त्याच पानावर एका चौकटीत मोठ्या टायपात पास, फीमाफी, सरकारी वसतिगृह यांची माहिती आणि लागणाऱ्या कागदांची यादी द्या. उत्पन्नाचा दाखला तहसीलमधून यायला वेळ लागतो, तो आधीच काढून ठेवा हे पण त्यात लिहा, त्याच्यावाचून दरवर्षी पोरींचे फॉर्म अडकतात. अंकाच्या थोड्या जास्त प्रती लोणंदला पाठवल्यात तर मी काउंटरवर ठेवीन, पैसे देईन.

कळावे,
आपली नेहमीची वाचक,
लोणंद, ता. खंडाळा, जि. सातारा